प्रस्तावना : शिवारातले नाव आणि शास्त्रातले नाव

बीड जिल्ह्याच्या केज तालुक्यातील नांदूरघाट हे बालाघाटाच्या पठारी मुलखातील गाव असून ज्वारी, तूर, हरभरा, कापूस आणि अलीकडच्या काळात सोयाबीन ही तेथील शिवारातली नेहमीची पिके होत. या शिवारात, बांधावर, ओढ्याकाठी आणि गायरानात जे उगवते, सरपटते, उडते किंवा पीक पोखरते, त्यांपैकी माणसाच्या कामात येणाऱ्या किंवा कामात अडथळा आणणाऱ्या जवळजवळ प्रत्येक जीवाला बोलीत नाव आहे, आणि ते नाव गावातल्या गावात पुरेसे नेमकेही आहे. असे असताना त्याच जीवाला लॅटिन वळणाचे, उच्चारायला अवघड असे दुसरे नाव कशासाठी द्यावे, ही शंका वाजवी आहे. आणि ‘जगात सर्वत्र एकच नाव असावे म्हणून’ एवढ्या उत्तराने ती फिटत नाही, कारण नांदूरघाटच्या शेतकऱ्याला जगाशी रोज बोलायचे नसते. शास्त्रीय नाव हे बोलीतील नावापेक्षा अधिक शुद्ध किंवा अधिक खरे असते असे नाही. त्या जीवाविषयी कोठेही, कोणीही आणि केव्हाही मिळवलेले ज्ञान ज्या एका ठिकाणी जमा होते त्या ठिकाणचा तो पत्ता असतो, आणि तो पत्ता हाती असल्याखेरीज गावातल्या माणसाला ते ज्ञान वापरता येत नाही व गावातल्या माणसाचे ज्ञान बाहेर पोचत नाही, हे पुढील विवेचनाचे सूत्र आहे.

हे सूत्र स्पष्ट होण्यासाठी हरभऱ्याच्या शेतातील एका अळीचे उदाहरण पुरेसे आहे. हरभऱ्याला घाटे धरू लागले की घाट्याला गोल भोक पाडून, डोके आत आणि उरलेले अंग बाहेर अशा अवस्थेत दाणे खाणारी जी अळी दिसते तिला ‘घाटेअळी’ म्हणतात. तुरीच्या शेतात शेंगेत डोके घालून बसलेल्या अळीला ‘शेंगा पोखरणारी अळी’, कपाशीवरील अळीला ‘हिरवी’ किंवा ‘अमेरिकन बोंडअळी’ आणि टोमॅटोवरील अळीला ‘फळ पोखरणारी अळी’ असे म्हटले जाते. अळीचा रंगही एकसारखा नसतो; ती हिरवी, तपकिरी, पिवळसर किंवा गुलाबी झाक असलेली अशी कशीही असू शकते, त्यामुळे या चार वेगवेगळ्या किडी आहेत असा समज होणे स्वाभाविक आहे. वस्तुतः त्या चारही एकाच पतंगाच्या अळ्या असून त्याचे शास्त्रीय नाव ‘हेलिकोव्हर्पा आर्मिजेरा’ असे आहे. बोलीने येथे पिकाकडे पाहून नाव दिले, कारण शेतकऱ्याचा संबंध पिकाच्या नुकसानीशी असतो; शास्त्राने किडीकडे पाहून नाव दिले. एकदा या चारही नावांचा धनी एकच आहे असे कळले, की कपाशीवर वाढलेली पिढी जमिनीत कोषावस्थेत जाऊन पुढे तुरीवर आणि मग हरभऱ्यावर येऊ शकते, म्हणजे एका शिवारातील तीन पिकांचे दुखणे वस्तुतः एकच सलग दुखणे आहे, हेही कळते.

याच्या उलट प्रकारही त्याच कपाशीच्या शेतात आढळतो. ‘गुलाबी बोंडअळी’ हिच्या नावातही बोंडअळी असली तरी ती वेगळी जात असून तिचे नाव ‘पेक्टिनोफोरा गॉसिपिएला’ असे आहे. ही अळी प्रामुख्याने कपाशीवर आणि कपाशीच्या काही जवळच्या वनस्पतींवरच जगते, त्यामुळे हंगाम संपल्यावर फरदड न घेता पऱ्हाट्या वेळेवर उपटून शेत रिकामे ठेवले तर तिच्या जीवनक्रमाची साखळी तुटते. मात्र हेच केल्याने हिरवी बोंडअळी आटोक्यात येत नाही, कारण तिच्यासाठी शेजारच्या वावरात तूर आणि हरभरा उभाच असतो. कामगंध सापळ्यात लावायची गोळी, जिला शेतकरी ‘ल्यूर’ म्हणतात, ती त्या त्या जातीच्या मादीच्या गंधाची नक्कल असते आणि म्हणून हेलिकोव्हर्पासाठीच्या ल्यूरकडे गुलाबी बोंडअळीचा पतंग फिरकत नाही. ‘एच.ए.एन.पी.व्ही.’ या नावाने मिळणारे विषाणूजन्य कीटकनाशक तर आपल्या आद्याक्षरांतच हेलिकोव्हर्पा आर्मिजेरा हे नाव वागवते, कारण तो विषाणू याच किडीला रोगग्रस्त करतो. सोयाबीनची पाने खाणाऱ्या ‘स्पोडोप्टेरा लिट्युरा’ या अळीसाठी वेगळा विषाणू वापरावा लागतो. म्हणजेच, जे नाव शेतकऱ्याला पुस्तकी वाटते त्याच नावाच्या आधारे कृषी सेवा केंद्रातील पुडी कामाची आहे की बिनकामाची हे ठरते.

सापांच्या बाबतीत नावाचा घोटाळा अधिक गंभीर ठरू शकतो. ‘घोणस’ हा जाड अंगाचा, पाठीवर साखळीसारख्या ठिपक्यांच्या रांगा असलेला अत्यंत विषारी साप ‘डॅबोया रसेली’ या नावाने ओळखला जातो, तर त्याच्याशी वरवर साम्य असलेला ‘दुरक्या घोणस’ हा आखूड शेपटीचा साप ‘एरिक्स कोनिकस’ असून तो पूर्णपणे बिनविषारी आहे आणि मांडुळाच्या जवळच्या नात्यातला आहे. मराठी नावावरून हे दोन साप एकाच घराण्यातले वाटतात, आणि या समजुतीमुळे एकीकडे निरुपद्रवी साप मारला जातो व दुसरीकडे खऱ्या घोणसाला हलक्यात घेतले जाण्याचा धोका राहतो. भारतात वापरली जाणारी सर्पविषविरोधी लस घोड्यांना ठरावीक सापांचे विष अल्प मात्रेत टोचून, त्यांच्या रक्तात तयार झालेल्या प्रतिपिंडांपासून बनवतात आणि ती नाग, मण्यार, घोणस व फुरसे या चार जातींच्या विषांवर उतारा म्हणून तयार केलेली असते. अशा औषधाच्या निर्मितीत ‘घोणस’ या शब्दाने नेमका कोणता साप अभिप्रेत आहे याविषयी तिळमात्र संदिग्धता परवडत नाही, म्हणूनच विष गोळा करण्यापासून लसीच्या वेष्टनापर्यंत शास्त्रीय नावांचाच आधार घेतला जातो.

वनस्पतींकडे वळल्यास एकाच नावाखाली किती वेगवेगळी झाडे नांदू शकतात याचा प्रत्यय ‘बाभूळ’ या शब्दात येतो. बांधावरची मूळची बाभूळ, जिचे लाकूड औत-अवजारांना आणि शेंगा शेळ्यांना उपयोगी पडतात, ती एक. अमेरिका खंडातून आलेली आणि पडीक जमिनी व्यापून बसलेली ‘वेडी बाभूळ’ ही दुसरी. आणि चाऱ्यासाठी व वनीकरणासाठी लावलेली, काट्याविना वाढणारी ‘सुबाभूळ’ ही तिसरी. ही तिन्ही झाडे शेंगा धरणाऱ्या एकाच मोठ्या कुलातील असली तरी शास्त्राने त्यांना तीन वेगळ्या प्रजातींत ठेवले आहे. गाव आणि प्रांत बदलला की गुंतागुंत आणखी वाढते. बालाघाटाच्या उतारांवर आपोआप उगवणारे आणि भौगोलिक मानांकन मिळालेले बीडचे ‘सीताफळ’ म्हणजे ‘ॲनोना स्क्वॅमोसा’. पण दिल्लीच्या भाजीबाजारात ‘सीताफल’ मागितले तर लाल भोपळा हाती पडतो. आयुर्वेदिक औषधांच्या दुकानात ‘ब्राह्मी’ या एका नावाने दोन वनस्पती चालतात, एक ‘बॅकोपा मोनिएरी’ आणि दुसरी ‘सेंटेला एशियाटिका’, म्हणजे मंडूकपर्णी. दोन्ही ओलसर जागी पसरणाऱ्या असल्या तरी त्यांची कुले वेगळी आहेत आणि त्यांतील औषधी द्रव्येही वेगळी आहेत.

या उदाहरणांवरून बोलीतील नावे सदोष आहेत असा निष्कर्ष काढणे मात्र चुकीचे ठरेल. शिवारातील जमिनीलाही दोन नावे असतात: घरात ‘चिंचेचे वावर’ किंवा ‘ओढ्याकडचा तुकडा’ म्हटले की कोणते शेत ते सर्वांना कळते आणि त्या नावातून जमिनीचा पोत, पाण्याची जवळीक, जुनी मालकी अशा कितीतरी गोष्टी सूचित होतात; परंतु कर्ज, वाटणी किंवा खरेदीखत यांची वेळ आली की गट क्रमांक आणि सातबाराच लागतो, कारण तो गावाबाहेरच्या माणसालाही तीच जमीन दाखवतो. दोन्ही नावे खरी असतात. त्यांची कामे निराळी असतात. ‘घाटेअळी’ हे नाव किडीचा काळ, पीक आणि नुकसानीची पद्धत एका शब्दात सांगते, जे ‘आर्मिजेरा’ या शब्दाने कधीच साधणार नाही. शास्त्रीय नावाचे काम वर्णन करणे हे नसून ओळख पक्की करणे हे आहे, आणि ही गोष्ट लक्षात घेतली नाही तर त्या नावांचा इतिहास आणि त्यांचे नियम दोन्ही अनाकलनीय वाटतात.

अठराव्या शतकाच्या मध्यापर्यंत युरोपातील अभ्यासक वनस्पतीचे नाव आणि तिचे वर्णन या दोन गोष्टी वेगळ्या करीत नसत, त्यामुळे नवनवीन वनस्पती माहीत होत गेल्या तशी नावे लांबत गेली. मराठवाड्यातील शेतांत पावसाळ्यात उगवणाऱ्या, कागदी फुग्यासारख्या आवरणात फळ असलेल्या ‘रानपोपटी’ किंवा ‘चिरबोटी’च्या गोत्रातील एका वनस्पतीचे तेव्हाचे नाव ‘वर्षायू, अतिशय फांद्या फुटणारी, कोनयुक्त व केसरहित फांद्यांची, दातेरी पानांची फिजॅलिस’ अशा अर्थाचे एक संपूर्ण लॅटिन वाक्यच होते. स्वीडनमधील उप्साला विद्यापीठातील कार्ल लिनियस (१७०७–१७७८) यांनी १७५३ मध्ये प्रसिद्ध केलेल्या ‘स्पीशीज प्लांटारम’ या ग्रंथात सुमारे ५,९०० वनस्पतींची नोंद करताना अशा वाक्यांच्या जोडीला समासात एकेक शब्द दिला, आणि प्रजातीचे नाव व तो एक शब्द मिळून ‘फिजॅलिस अँग्युलाटा’ असे दोनच शब्दांचे नाव रूढ झाले. प्राण्यांसाठी हीच रीत त्यांनी १७५८ साली निघालेल्या ‘सिस्टिमा नॅच्युरी’च्या दहाव्या आवृत्तीत सर्वत्र वापरली. म्हणूनच वनस्पतींच्या शास्त्रीय नावांची कालगणना १७५३ पासून आणि प्राण्यांच्या नावांची १७५८ पासून सुरू होते, असे आजही मानले जाते. या पद्धतीला ‘द्विनाम पद्धती’ म्हणतात. भाषा लॅटिन निवडली गेली ती त्या काळच्या युरोपातील विद्वानांची सामाईक भाषा म्हणून. पुढे ती कोणाचीच मातृभाषा उरली नाही आणि म्हणून बोलचालीत बदलत नाही, हा तिचा गुण ठरला. नव्या वनस्पतीचे वर्णन लॅटिनमध्येच देण्याची सक्ती २०११ अखेरपर्यंत होती; त्यानंतर इंग्रजी वर्णनही ग्राह्य धरले जाऊ लागले, मात्र नावाचे वळण लॅटिनच राहिले.

द्विनामातील पहिला शब्द प्रजातीचा आणि दुसरा जातीचा निदर्शक असतो. मराठी वृत्तपत्रांत ‘प्रजाती’ हा शब्द पुष्कळदा जातीच्या अर्थाने वापरला जातो; येथे मात्र मराठी विश्वकोशाच्या परिपाठानुसार ‘जाती’ म्हणजे परस्परांत प्रजनन होऊन तशीच संतती देणाऱ्या जीवांचा गट, आणि ‘प्रजाती’ म्हणजे अशा निकटच्या जातींचा समूह, असा अर्थ घेतला आहे. अनेक प्रजाती मिळून ‘कुल’ होते. या रचनेमुळे नाव हे नात्याचेही सूचक होते. मूग, उडीद, मटकी आणि चवळी या चारही कडधान्यांना बोलीत एकमेकांशी संबंध नसलेली नावे आहेत, पण त्यांची शास्त्रीय नावे अनुक्रमे ‘व्हिग्ना रेडिएटा’, ‘व्हिग्ना मुंगो’, ‘व्हिग्ना ॲकोनिटिफोलिया’ आणि ‘व्हिग्ना उंग्विक्युलाटा’ अशी असल्याने ती एकाच प्रजातीतील भावंडे आहेत हे नाव वाचताक्षणी कळते, आणि मुगाला लागणारा पिवळा मोझॅक उडदालाही का लागतो किंवा पेरणीपूर्वी बियाण्याला चोळायचे चवळी गटाचे रायझोबियम संवर्धक या सर्वांना का चालते, याचा उलगडा होऊ लागतो. हरभरा वेगळ्या प्रजातीचा, ‘सायसर’ या प्रजातीचा, असून त्याच्या मुळांवर गाठी करणारे जिवाणूही वेगळे आहेत. याउलट, मालदांडी आणि दगडी या ज्वारींच्या नावांत शेतकऱ्याला मोठा फरक जाणवत असला तरी ती दोन्ही ‘सोर्घम बायकलर’ या एकाच जातीची वाणे होत. वाणांच्या नावांसाठी निराळे नियम आहेत आणि तेथे बोलीतील नाव जसेच्या तसे स्वीकारले जाते.

नाव दिले म्हणजे ते टिकेलच असे नाही. ते टिकावे यासाठी नियम लागतात. प्राणी, वनस्पती आणि जिवाणू यांच्यासाठी स्वतंत्र आंतरराष्ट्रीय नामकरणसंहिता असून शैवाल आणि कवके वनस्पतींच्या संहितेतच मोडतात. या सर्व संहितांच्या मुळाशी दोन तत्त्वे आहेत. पहिले तत्त्व अग्रक्रमाचे: एकाच जातीला दोघांनी वेगवेगळी नावे दिली असतील तर नियमांनुसार आधी प्रसिद्ध झालेले नाव मान्य होते आणि नंतरचे ‘समनाम’ म्हणून केवळ नोंदीत राहते. दुसरे तत्त्व प्ररूपाचे: प्रत्येक जातीचे नाव एका प्रत्यक्ष नमुन्याशी कायमचे बांधलेले असते आणि तो नमुना, म्हणजे वाळवून कागदावर चिकटवलेली फांदी किंवा अल्कोहोलमध्ये जतन केलेला प्राणी, एखाद्या संग्रहात ठेवलेला असतो. वर्णनाच्या शब्दांविषयी शंका निर्माण झाली तर वाद शब्दांवर न घालता नमुना काढून पाहिला जातो. शास्त्रीय नावाची विश्वासार्हता त्याच्या लॅटिनपणातून न येता या तपासता येण्याजोग्या नमुन्यातून येते.

अग्रक्रमाच्या तत्त्वामुळे काही विनोदी वाटणाऱ्या गोष्टीही घडल्या आहेत. बाजरी हे मूळचे आफ्रिकेतील धान्य. तरी लिनियस यांनी १७५३ मध्ये तिला दिलेल्या एका नावात ‘अमेरिकन’ या अर्थाचा शब्द होता, आणि आज अनेक वनस्पतितज्ज्ञ वापरीत असलेल्या ‘सेंक्रस अमेरिकॅनस’ या नावात तो तसाच शिल्लक आहे, तर कृषिशास्त्राच्या पुस्तकांत ‘पेनिसेटम ग्लॉकम’ हे नाव अजून प्रचलित आहे. उडदाला ‘मुंगो’ हे जातिनाम मिळाले आणि ज्याला सर्वत्र मूग म्हणतात त्याच्या वाट्याला ‘रेडिएटा’ आले, ही गफलतही लिनियस यांच्याच काळातील आहे. ही नावे दुरुस्त का करीत नाहीत, असा प्रश्न पडणे साहजिक आहे. त्याचे उत्तर असे की प्रत्येक अभ्यासकाला आपापल्या समजुतीनुसार नाव सुधारण्याची मुभा दिली तर दर पिढीत नवी नावे येतील आणि मागच्या अडीचशे वर्षांतील लिखाणाशी असलेला दुवा तुटेल. ओळख कायम राहावी म्हणून अर्थातील चूक सहन करणे हा त्यातल्या त्यात स्वस्त सौदा आहे.

तथापि नावे बदलतात हेही खरे, आणि सामान्य वाचकाचा शास्त्रीय नावांवरील राग बहुधा याच कारणामुळे असतो. बाभळीचे उदाहरण या दृष्टीने उद्‌बोधक आहे. लिनियस यांनी तिला ‘मिमोसा निलोटिका’ म्हटले, पुढे ती ‘अकेशिया निलोटिका’ झाली आणि भारतीय पुस्तकांत हे नाव दीर्घकाळ छापले गेले. अकेशिया ही हजाराच्या वर जातींची अवाढव्य प्रजाती असून तिच्यातील जाती परस्परांच्या तितक्या जवळच्या नाहीत असे दिसून आल्यावर तिची विभागणी करणे भाग पडले. नियमाप्रमाणे पाहता मूळ नाव आफ्रिका-आशियातील काटेरी बाभळींकडेच राहायला हवे होते. परंतु तसे केले तर ऑस्ट्रेलियातील सुमारे हजार जातींची नावे बदलावी लागली असती, म्हणून २००५ साली व्हिएन्ना येथील आंतरराष्ट्रीय वनस्पतिशास्त्र परिषदेने अकेशिया या नावाचे प्ररूप बदलून ते ऑस्ट्रेलियन जातींकडे दिले आणि बऱ्याच वादानंतर २०११ च्या मेलबर्न परिषदेत तो निर्णय कायम राहिला. परिणामी बांधावरची बाभूळ ‘व्हॅचेलिया निलोटिका’ झाली, हिवर ‘व्हॅचेलिया ल्युकोफ्लिया’ झाला आणि खैर ‘सेनेगालिया कटेचू’ झाला. व्हॅचेलिया हे नावही अगदी नवे नाही. वाइट आणि अर्नॉट यांनी भारतीय द्वीपकल्पाच्या वनस्पतींवरील ग्रंथात १८३४ मध्येच ते वापरले होते. वेड्या बाभळीची प्रजाती २०२२ मध्ये विभागली गेल्याने जुने ‘प्रोसोपिस ज्युलिफ्लोरा’ हे नाव मागे पडून ‘नेलटुमा ज्युलिफ्लोरा’ हे नाव पुढे आले आहे. या बदलांत ‘निलोटिका’ आणि ‘ज्युलिफ्लोरा’ हे जातिनिदर्शक शब्द मात्र तसेच राहिले, आणि जुने नाव समनामांच्या यादीत नोंदलेले असल्याने त्या नावाखाली झालेले कोणतेही संशोधन हरवत नाही. बदललेले नाव हे नात्यांविषयीच्या सुधारलेल्या समजुतीचे चिन्ह असते.

शास्त्रीय नावे सर्वस्वी परकी आहेत हा समजही इतिहासाच्या कसोटीवर टिकत नाही. सतराव्या शतकात डच अधिकारी व्हॅन ऱ्हीड याने मलबारच्या वनस्पतींवर बारा खंडांचा ‘हॉर्टस मलबारिकस’ हा ग्रंथ तयार करवला, तेव्हा इट्टी अच्युतन या मल्याळी वैद्यांबरोबरच रंगभट, विनायक पंडित आणि अप्पूभट या तीन कोंकणी वैद्यांनीही माहिती पुरवली होती आणि त्यांची कोंकणी भाषेतील, नागरी लिपीतील साक्ष त्या ग्रंथात छापली आहे. पुढे लिनियस यांनी भारतीय वनस्पतींची नावे ठरवताना याच ग्रंथाचा उपयोग केला. दख्खनच्या बाबतीत याहून जवळचे उदाहरण विल्यम हेन्री साइक्स यांचे आहे. मुंबई सरकारचे सांख्यिकी अधिकारी म्हणून १८२४ पासून दख्खनमध्ये फिरताना त्यांनी पक्षी, सस्तन प्राणी आणि मासे यांचे नमुने गोळा केले, आणि १८३९ मध्ये दख्खनच्या माशांची वर्णने प्रसिद्ध करताना कोळ्यांच्या तोंडची नावे शास्त्रीय नावांत घेतली. शिंगाळा हा मासा त्यामुळे ‘स्पेराटा सींघाला’ झाला, शिंगटी ‘मिस्टस सींगटी’ झाली आणि दख्खनच्या महासीर माशाच्या ‘टॉर खुद्री’ या नावात तेव्हाचे देशी नाव टिकून राहिले. मांजरा नदी बालाघाटात उगम पावते आणि केज तालुक्यातच धनेगाव येथे तिच्यावर धरण आहे. गोदावरीच्या या उपनदीच्या काठी शिंगाळ्याला जे म्हटले जाते तेच, थोड्या लॅटिन पेहरावात, लंडनच्या संग्रहालयातही म्हटले जाते. पांढऱ्या मुसळीच्या ‘क्लोरोफायटम बोरिव्हिलिएनम’ या नावात तर मुंबईची बोरिवली आहे.

ही देवाणघेवाण सर्व प्रदेशांत सारखी झाली नाही, हे मराठवाड्याच्या संदर्भात लक्षात घेतले पाहिजे. थिओडोर कुक यांचा १९०१ ते १९०८ या काळात निघालेला मुंबई इलाख्यातील वनस्पतींचा ग्रंथ पश्चिम महाराष्ट्राच्या अभ्यासकांना पिढ्यान्‌पिढ्या उपयोगी पडला, परंतु बीड जिल्हा तेव्हा निजामाच्या हैदराबाद संस्थानात असल्याने त्या ग्रंथाच्या कक्षेबाहेर राहिला. वनस्पतींना संस्थानाची सीमा ठाऊक नसली तरी वनस्पती गोळा करणाऱ्यांना ती पाळावी लागत होती. १९५६ मध्ये मराठवाडा मुंबई राज्यात आला, १९५८ मध्ये औरंगाबाद येथे विद्यापीठ स्थापन झाले, आणि त्या विद्यापीठातील व्ही. एन. नाईक यांनी आधी उस्मानाबाद जिल्ह्याच्या व नंतर १९९८ मध्ये संपूर्ण मराठवाड्याच्या वनस्पतींचा ग्रंथ सिद्ध केला, तेव्हा हा अनुशेष बऱ्याच अंशी भरून निघाला. कुक यांच्या ग्रंथानंतर तब्बल नव्वद वर्षांनी मराठवाड्याला स्वतःची वनस्पतिसूची मिळाली, याचा अर्थ तोवर येथील झाडांना नावे नव्हती असा नसून येथील झाडांविषयीचे स्थानिक ज्ञान कोणत्याही सामाईक पत्त्यावर पोचत नव्हते असा आहे.

अशा पत्त्याचा उपयोग कसा होतो हे गाजर गवताच्या इतिहासात दिसते. १९५५ च्या सुमारास पुण्यात प्रथम नजरेस आलेले आणि नंतर गावोगावच्या उकिरड्यांपासून पडीक रानांपर्यंत पसरलेले हे तण गाजरही नाही आणि गवतही नाही. ‘काँग्रेस गवत’ या त्याच्या दुसऱ्या नावावरून तर काहीच बोध होत नाही. ते ‘पार्थेनियम हिस्टेरोफोरस’ आहे असे निश्चित झाल्यावर त्याचे मूळ स्थान अमेरिका खंडात आहे, तेथे ते इतके माजत नाही आणि तेथे त्याला खाणारे कीटक आहेत, हे पूर्वीच्या नोंदींवरून कळू शकले. त्यातूनच ‘झायगोग्रामा बायकोलोराटा’ हा भुंगा मेक्सिकोतून १९८० च्या दशकात बंगळुरू येथे आणला गेला, चाचण्यांनंतर सोडला गेला आणि आज महाराष्ट्रातही ‘मेक्सिकन भुंगा’ म्हणून ओळखला जातो. गाजर गवत आणि सूर्यफूल एकाच कुलातील असल्यामुळे हा भुंगा सूर्यफुलाकडे वळेल काय, ही शंकाही त्या नात्यावरूनच घेतली गेली आणि तिच्यावर पुढे वादही झाला. संकटाचे मूळ, त्यावरचा उपाय आणि त्या उपायातील संभाव्य धोका या तिन्हींकडे जाणारी वाट एका नावातून निघाली.

कायद्याच्या क्षेत्रातही हेच तत्त्व चालते. १९७२ च्या वन्यजीव संरक्षण कायद्याच्या परिशिष्टांत संरक्षित प्राण्यांची शास्त्रीय नावे दिलेली असतात, त्यामुळे मांडुळाच्या तस्करीसारख्या प्रकरणात जप्त केलेला साप कोणता, याविषयी बोलीतील नावाची पळवाट उरत नाही. २००२ च्या जैवविविधता कायद्यान्वये स्थानिक पातळीवर जैवविविधता व्यवस्थापन समित्या स्थापून ‘लोक जैवविविधता नोंदवही’ तयार करावयाची असते. या नोंदवहीत स्थानिक नाव आणि शास्त्रीय नाव या दोहोंना स्थान असते, आणि हीच तिची खरी ताकद आहे: केवळ स्थानिक नावे भरली तर नोंदवही पुढच्या तालुक्यातही वाचता येणार नाही, आणि दुसऱ्या जिल्ह्याच्या यादीतून शास्त्रीय नावे उतरवून काढली तर त्या गावाचे ज्ञान त्या गावाच्या नोंदवहीत नसेल.

पुढील प्रकरणांत नांदूरघाट परिसरातील सजीवांचा परिचय करून देताना याच विचाराने क्रम ठेवला आहे. प्रथम बोलीतील नाव, त्याचे परिसरातील पर्याय असल्यास ते, नंतर सध्या मान्य असलेले शास्त्रीय नाव आणि शेवटी जुन्या पुस्तकांत आढळणारी समनामे, अशी मांडणी केली आहे. रोमन लिपीत प्रजातीच्या नावाचे पहिले अक्षर मोठे, जातीच्या नावाचे लहान आणि दोन्ही शब्द तिरप्या ठशात छापण्याचा संकेत आहे. देवनागरीत मोठ्या-लहान अक्षरांचा भेद नसल्याने येथे ती नावे एकेरी अवतरणचिन्हांत दिली आहेत आणि उच्चार मराठी वाचकाला सुलभ होईल अशा रीतीने लिहिले आहेत. जेथे तज्ज्ञांत एकमत नाही, जसे बाजरीच्या बाबतीत, तेथे दोन्ही नावे देऊन निर्णय अभ्यासकांवर सोपवला आहे.

वाचकाने ही नावे तोंडपाठ करावीत अशी अपेक्षा नाही. परिसरात एखादे अनोळखी रोप, कीड किंवा साप दिसल्यास त्याचे गावातील नाव, जागा, तारीख, कोणत्या पिकावर वा कशा जमिनीत आढळले हा तपशील आणि शक्य असल्यास छायाचित्र, एवढी नोंद शालेय विद्यार्थीही करू शकतो. रोप असल्यास फुला-फळांसह एक फांदी वर्तमानपत्रात दाबून वाळवली तर ती तज्ज्ञाकडे पाठवता येते. शास्त्रीय नाव हे या सर्व नोंदींनंतर येणारे अखेरचे पाऊल आहे, आणि ते चुकले तरी मोठे बिघडत नाही, कारण नमुना व नोंद शिल्लक असेल तर चूक कोणालाही, कधीही दुरुस्त करता येते. नोंदच नसेल तर मात्र अचूक नावाचाही काही उपयोग होत नाही, आणि ही नोंद करण्याचे काम नांदूरघाटच्या शिवाराबाहेर बसून करता येण्यासारखे नाही.